भोवंडून टाकणारी सात मिनिटं

प्रमोद पती यांचा ‘एक्सप्लोरर’ हा लघुपट १९६८ सालचा. लांबी जेमतेम सात मिनिटं, चित्र काळं-पांढरं, निर्माता भारत सरकारचं फिल्म्स डिव्हिजन. त्यात गोष्ट नाही, समजावून सांगणारा निवेदक नाही, कोणाचं नाव-गाव कळत नाही. नाचणारी तरुण मुलं-मुली, देवाधर्माची चिन्हं, प्रयोगशाळेतली यंत्रं, चेहरे, पुन्हा नाच असं एकामागून एक अंगावर येत राहतं. कॅमेरा पुढे झेपावतो, लगेच मागे हटतो, आणि पडदा काळा होईपर्यंत बघणाऱ्याला पाय टेकायला जागा मिळत नाही. पहिल्यांदा पाहणाऱ्याच्या तोंडून सहसा एकच वाक्य निघतं: काही कळलं नाही, पण डोकं गरगरलं.

ही गरगर घडते कशी, ते सावकाशीनं उलगडून पाहण्यासारखं आहे. असल्या लघुपटातला गोंधळ गोंधळून केलेला नसतो. शहरात राहणारा माणूस ज्या आधारांवर रोज स्वतःला सावरून धरतो, ते आधार दिग्दर्शक मोजूनमापून, एकेक करून काढून घेतो. कोणता आधार कशानं काढला हे ध्यानात आलं की ‘काही कळलं नाही’ या तक्रारीची जागा कुतूहल घेतं, आणि लघुपट पुन्हा लावून बघावासा वाटतो.

आधी थोडी पार्श्वभूमी. पती मूळचे ओडिशाचे. ते अॅनिमेशन शिकले प्रागमध्ये, बाहुल्यांच्या चित्रपटांसाठी जगभर नाव असलेल्या यिर्झी त्रन्का यांच्याकडे. परत आल्यावर मुंबईत फिल्म्स डिव्हिजनमध्ये काम करू लागले. पेडर रोडवरच्या या सरकारी संस्थेची ओळख त्या काळी वेगळी होती. मुख्य चित्रपटाआधी तिचे माहितीपट दाखवणं चित्रपटगृहांना बंधनकारक होतं, आणि धरणं, पंचवार्षिक योजना, पूरग्रस्तांना मदत यांची माहिती देणारा तो भारदस्त आवाज एका अख्ख्या पिढीच्या कानात बसलेला आहे. १९६० च्या दशकाच्या मध्याला युनेस्कोत काम केलेले जाँ भावनगरी सल्लागार म्हणून तिथे आले आणि त्यांनी वेगळं काही करू पाहणाऱ्यांच्या पाठीवर हात ठेवला. चित्रकार हुसेन यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेल्या ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ला १९६७ साली बर्लिनच्या महोत्सवात सुवर्ण अस्वल मिळालं, ते याच वाऱ्यात. ‘एक्सप्लोरर’ त्याच्या पुढच्या वर्षीचा. त्यानंतर १९७० साली पतींनी ‘ट्रिप’ केला: चार मिनिटांचा, मुंबईच्या रोजच्या जगण्यावरचा. १९७५ साली, पन्नाशीही न गाठता, ते गेले. इतक्या थोड्या वर्षांत, तेही सरकारी खात्यात बसून, या माणसानं जे करून ठेवलं त्याची दखल आपण फार उशिरा घेतली.

आणि तेव्हाची मुंबई? १९६१ च्या जनगणनेत बृहन्मुंबईची लोकसंख्या साधारण साडेएकेचाळीस लाख होती, १९७१ ला ती जवळजवळ साठ लाख झाली. दहा वर्षांत अठरा लाख माणसांची भर. शहरात दूरदर्शन सुरू झालं ते २ ऑक्टोबर १९७२ ला. म्हणजे ‘एक्सप्लोरर’ आणि ‘ट्रिप’ झाले तेव्हा झपाट्यानं बदलणारी चित्रं बघायची सवय मुंबईकराच्या डोळ्याला घरबसल्या लागलेली नव्हती. रस्त्यावर मात्र अशी चित्रं भरपूर होती.

जर्मन समाजचिंतक गेऑर्ग झिमेल यांनी १९०३ साली, बर्लिन डोळ्यांसमोर ठेवून, महानगरातल्या मनाविषयी एक निबंध लिहिला. शहरात मनावर आदळणाऱ्या गोष्टी इतक्या वेगानं बदलतात की मज्जातंतूंवर सतत ताण येतो, आणि तो सोसवत नाही म्हणून शहरी माणूस मनावर एक कातडं चढवतो. कशाचंच फारसं काही वाटून घेत नाही. हा निबंध प्रायोगिक लघुपटांबद्दल नाही, पण त्यांची गुरुकिल्ली मला त्यातच दिसते. ही गडबड आपल्याला रोज जाणवत नाही, कारण आपण ती गाळून घेत असतो. लघुपट ती गाळणीच काढून टाकतो. कसा, ते आता पाहू.

सुरुवात फिल्मच्या पट्टीपासून. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम) बसतात आणि सेकंदाला २४ चौकटी पडद्यावर पडतात. मिनिटाला झाल्या १,४४० चौकटी, ९० फूट फिल्म. सात मिनिटांचा लघुपट म्हणजे ६३० फुटांच्या आसपास फिल्म आणि दहा हजारांहून थोड्या जास्त चौकटी. प्रोजेक्टरमधून ही पट्टी सरळ वाहत जात नाही. प्रत्येक चौकट भिंगासमोर क्षणभर थांबते, झडप मिटते, तेवढ्यात पट्टी एक चौकट खाली ओढली जाते, झडप उघडते. (ल्युमिएर बंधूंना ही थांबत-थांबत पुढे सरकण्याची युक्ती शिवणयंत्रावरून सुचली.) शिवाय एकच चौकट पुढे सरकण्याआधी झडप तिच्यावरून दोनदा फिरते, म्हणजे सेकंदाला ४८ वेळा उजेड पडतो. तसं केलं नाही तर पडदा लुकलुकताना दिसेल.

चित्र डोळ्यात रेंगाळतं म्हणून हालचाल दिसते, असं आपण शाळेत शिकलेलो असतो. ते पुरतं खरं नाही. माक्स वेर्टहायमर यांनी १९१२ साली दाखवून दिलं की एकमेकींच्या जवळच्या दोन स्थिर रेघा ठरावीक अंतरानं दाखवल्या तर मेंदू त्यांच्यातली हालचाल स्वतःच रचतो. पडद्यावर हालचाल नसतेच. तिथे असतात थांबलेली चित्रं, आणि त्यांना जोडायची उतावीळ आपल्या मेंदूची. दोन लागोपाठच्या चौकटी एकमेकींसारख्या असतील तर जोड गुळगुळीत बसतो. पहिलीत नाचणाऱ्या मुलीचा हात आणि दुसरीत यंत्राचा दांडा असेल तर? मेंदू तेही जोडायला धावतो. हात दांड्यात शिरल्यासारखा वाटतो, दांडा नाचल्यासारखा. भोवळीची पहिली कळ इथे आहे.

दुसरी कळ डोळ्याच्या सवयीत. आपण एखादं दृश्य बघतो म्हणजे डोळा त्यावर सलग फिरत नाही, तो उड्या मारतो. सेकंदाला साधारण तीन उड्या, प्रत्येक मुक्काम पाव सेकंदाच्या आसपास. दादरच्या पुलावर उभं राहिल्यावर नजर इंडिकेटरवर जाते, मग गर्दीतल्या मोकळ्या फटीवर, मग पायरीवर, आणि फलाटावरच्या हजारो गोष्टींपैकी एवढ्या तीनच गोष्टी ‘बघून’ आपण बरोबर गाडीत चढतो. कुठे बघायचं याची निवड आपली असते. आता हिशेब करा. पाव सेकंद म्हणजे सहा चौकटी. एखादा शॉट सहा चौकटींपेक्षा छोटा केला, की त्यात डोळ्याला दुसरी उडी मारायला वेळच उरत नाही. नजर जिथे पडली तिथे पडली. बघणाऱ्याची निवड संपली, आणि निवड संपली की गर्दी अंगावर येते.

मग इतकं भराभर गेलेलं चित्र दिसतं तरी का? दिसतं, आणि उत्तम दिसतं. मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीत मेरी पॉटर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेला एक प्रयोग २०१४ साली प्रसिद्ध झाला. पडद्यावर सहा किंवा बारा छायाचित्रं सटासट दाखवायची आणि अमुक प्रकारचं चित्र त्यात होतं का ते विचारायचं. प्रत्येक चित्र फक्त १३ मिलिसेकंद दाखवलं तरी लोकांची उत्तरं निव्वळ अंदाजापेक्षा बरोबर येत होती. चित्रपटाची एक चौकट ४२ मिलिसेकंदांची, तिप्पट लांब. म्हणजे एकच चौकट दाखवलेला देव्हारा ‘देव्हारा’ म्हणून ओळखू येऊ शकतो.

पण ओळखणं वेगळं आणि ठेवून घेणं वेगळं. एखाद्या गोष्टीनं लक्ष वेधलं की त्यानंतर साधारण अर्ध्या सेकंदापर्यंत आलेली दुसरी महत्त्वाची गोष्ट हातातून निसटते, हे मानसशास्त्रज्ञांनी १९९० च्या दशकात प्रयोगांनी दाखवलं. शिवाय मागून येणारं चित्र आधीच्या चित्रावर बोळा फिरवतं. चार-चार चौकटींचे शॉट लागोपाठ लावले तर प्रत्येक शॉट ओळखीचा वाटतो आणि एकही हाती लागत नाही. ‘काहीतरी महत्त्वाचं होतं, आणि ते गेलं’ ही जी रुखरुख अशा लघुपटात सतत वाटत राहते, ती इथून येते. मोठ्या शहरातल्या संध्याकाळचा थकवा याच जातीचा असतो. दिवसभर खूप पाहिलेलं असतं, पण सांगण्यासारखं काही उरलेलं नसतं.

इथे एक शंका कोणीही काढेल. हल्लीच्या जाहिराती आणि मोबाइलवरच्या रील यांच्यात तर यापेक्षा भराभर कट असतात, मग त्या बघून चक्कर का येत नाही? कारण वेग हे या कलेतलं सगळ्यात सोपं अंग आहे. जाहिरातीत दर शॉट एकच गोष्ट सांगत असतो. साबण, फेस, हसरा चेहरा, पुन्हा साबण. एखादा शॉट निसटला तरी बिघडत नाही, पुढचा तेच सांगणार असतो. मजकूर पडद्यावर लिहिलेला असतो, आवाज चित्राला दुजोरा देतो. पतींच्या लघुपटात पुढचा शॉट आधीच्याला दुजोरा देत नाही, तो त्याला अडवतो. ध्यानस्थ चेहऱ्यानंतर यंत्र, यंत्रानंतर नाच. कोणाची बाजू घ्यायची ते आपल्यावर सोडलेलं, आणि ठरवायला वेळ दिलेला नाही. ज्या तरुणाला १९६८ साली घरी एक, कॉलेजात दुसरं आणि रेडिओवर तिसरंच सांगितलं जात होतं, त्याची अवस्था याहून नेमकी मला कुठे दिसलेली नाही.

हे शॉट कापले कसे जात, तेही बघण्यासारखं आहे. आज संगणकावर चार चौकटी कापणं म्हणजे दोन कळा दाबणं. तेव्हा ती हातमेहनत होती. ३५ मिलिमीटरची एक चौकट १९ मिलिमीटर उंच, म्हणजे चार चौकटींचा तुकडा सुमारे साडेसात सेंटिमीटरचा. हाताच्या चार बोटांवर आडवा मावेल एवढा. संकलक रशप्रिंट, म्हणजे निगेटिव्हवरून कामापुरती काढलेली प्रत, टेबलावर पुढे-मागे फिरवून, ग्रीसच्या पेन्सिलीनं चौकटीवर खूण करून, कापून, तो तुकडा खिळ्याला टांगून ठेवणार. असे टांगलेले तुकडे शेकड्यांनी, आणि प्रत्येकावर खूण हवीच, कारण एवढे छोटे तुकडे नुसत्या नजरेनं एकमेकांपासून वेगळे ओळखणं सोपं नसतं. मग निगेटिव्ह कापण्याची पाळी. तिथला सिमेंटचा जोड देताना फिल्मची कड खरवडावी लागते, म्हणजे जोडासाठी जास्तीची फिल्म हाताशी हवी. आणि एकच चित्र दहादा परत आणायचं असेल तर प्रयोगशाळेकडून त्याच्या तितक्या नकला काढून आणाव्या लागत. लघुपटातला प्रत्येक पुन्हा आलेला चेहरा कोणीतरी आधी कागदावर मोजून मागवलेला असतो. भोवळ आणणाऱ्या चित्रपटाची वही हिशेबनिसाच्या वहीइतकी चोख असावी लागते, ती यामुळे.

यानंतर जागेचा आधार. नेहमीच्या चित्रपटात आपल्याला कुठे आहोत हे न विचारता सांगितलं जातं. बोरीबंदर स्टेशनची इमारत, बाहेर ट्रंक घेऊन उभा नायक, मग त्याचा चेहरा, तो बघतो तिकडची वाहनं. लांबून जवळ, बघणारा आणि बघितलेलं, डावीकडून निघालेला माणूस पुढच्या शॉटमध्ये डावीकडूनच येणार. हे नियम इतके मुरलेले असतात की ते नियम आहेत हेही जाणवत नाही. प्रायोगिक लघुपट पहिला लांबचा शॉट काढून टाकतो. डोळे दाखवतो, पण ते कशाकडे बघतायत ते दाखवत नाही. जाणारा माणूस उजवीकडे निघतो आणि कटनंतर डावीकडे चाललेला दिसतो. तीनच गोष्टी मोडल्या की नकाशा संपतो.

झूमचं काम आणखी खोलवरचं. आपण चालत एखाद्या खांबाकडे गेलो तर खांब भराभर मोठा होतो, मागची इमारत सावकाश मोठी होते, आणि बाजूच्या वस्तू मागे सरकतात. या फरकावरूनच मेंदूला अंतर कळतं. झूममध्ये खांब आणि इमारत एकाच प्रमाणात फुगतात. अंतर तेवढंच राहतं आणि तरीही सगळं जवळ येतं. चालणाऱ्या माणसाला असं कधी दिसत नाही. त्यातून डोळा सांगतो, ‘आपण वेगानं पुढे निघालो’, तर कानातला तोल सांभाळणारा अवयव सांगतो, ‘आपण खुर्चीत बसलोय’. लोकलमध्ये खिडकीशी बसलेलं असताना शेजारच्या रुळावरची गाडी हलते आणि आपलीच निघाली असं वाटून पोटात हलतं, ते याच भांडणामुळे. लोकलमध्ये दोन सेकंदांत खांब दिसतो आणि भांडण मिटतं. ‘एक्सप्लोरर’मध्ये ते मिटू दिलेलं नाही. आत, बाहेर, आत. त्यातच आणखी एक गोष्ट होते. फुगत जाणाऱ्या चित्राकडे बराच वेळ बघितलं की त्यानंतरचं स्थिर चित्रही आक्रसल्यासारखं दिसतं, कारण पुढे येण्याची हालचाल टिपणाऱ्या पेशी थकलेल्या असतात. पडद्यावर कोणी काही केलेलं नसतानाही भिंत मागे सरकते.

‘ट्रिप’मध्ये मुख्य हत्यार दुसरं आहे: पिक्सिलेशन. बाहुल्यांच्या अॅनिमेशनमध्ये बाहुली किंचित हलवायची, एक चौकट घ्यायची, पुन्हा हलवायची. तेच जिवंत माणसांवर केलं की पिक्सिलेशन. नॉर्मन मॅक्लॅरन यांनी कॅनडात १९५२ साली केलेला ‘नेबर्स’ हा त्याचा सगळ्यात गाजलेला नमुना. दोन शेजारी एका फुलावरून भांडतात, आणि भांडताना गवतावरून पाय न हलवता घसरत जातात, हवेत तरंगतात. तरंगणं साधतं ते असं: नटानं उडी मारायची आणि तो सर्वांत वर असेल त्या क्षणी एकच चौकट घ्यायची. पुन्हा उडी, पुन्हा एक चौकट. सेकंदभर तरंगायला चोवीस उड्या. एक चित्र दोन चौकटी चालवायचं ठरवलं तर बारा. त्रन्कांकडे बाहुल्या हलवायला शिकलेल्या पतींना हे तंत्र जवळचं वाटलं यात नवल नाही. पुढे चित्रकार-लेखक आबिद सुरती यांच्यावरचा ‘आबिद’ही त्यांनी असाच केला.

बंद खोलीत हे सोपं आहे. मुंबईच्या रस्त्यावर ते करायला घेतलं की काय होतं, ते मोबाइल आणि एक तिवई घेऊन कोणालाही करून बघता येईल. वाहत्या चौकात तिवई लावा, मोबाइलला सेकंदाला एक चित्र घ्यायला सांगा. सेकंदाला २४ चित्रांच्या वेगानं बघितलं की तासाभराचा चौक अडीच मिनिटांत संपेल. गाड्या उंदरांसारख्या पळतील, माणसं चमकून नाहीशी होतील, फक्त उभा असलेला फुगेवाला काही काळ ठोस दिसेल. आता ओळखीच्या एका माणसाला त्या गर्दीतून नेहमीच्या चालीनं चालताना दाखवायचंय. एका पावलाला एरवी अर्धा सेकंद लागतो, म्हणजे बारा चौकटी. सेकंदाला एक चौकट घेत असल्यामुळे तेच पाऊल त्याला बारा सेकंद घेऊन टाकावं लागेल, गर्दीचे धक्के खात, तोल सांभाळत. दहा पावलांना दोन मिनिटं. चित्रीकरणात तो विक्षिप्त दिसेल, लोक वळून बघतील. पडद्यावर मात्र तो एकटाच शहाणा, आणि शहर वेडं झालेलं. उलटंही करता येतं. पावलं जुळवून उभं राहायचं, एक चौकट. वीतभर पुढे सरकून पुन्हा पावलं जुळवायची, पुढची चौकट. आता तो माणूस रस्त्यावरून चालत नाही, वाहून नेला जातो.

पिक्सिलेशनची खरी ताकद मला या दुसऱ्या प्रकारात दिसते. माणसाच्या हालचालीत हेतू असतो: पाऊल उचलण्याआधी खांदा झुकतो, नजर आधी जाते. चौकटींच्या मधलं सगळं गाळलं की हेतू गळून पडतो आणि फक्त जागा बदलत जाते. रोज साडेआठला तीच गाडी पकडणाऱ्या माणसाला बाहेरून बघितलं तर तो असाच दिसेल, हे ‘ट्रिप’ दाखवतो, आणि त्यासाठी त्याला चार मिनिटं पुरतात.

आवाजाकडे आपलं लक्ष शेवटी जातं, पण भोवळीचा निम्मा कारभार त्याच्याकडे असतो. फिल्म्स डिव्हिजनच्या त्या वर्षांतल्या कितीतरी प्रयोगांना संगीत दिलं विजय राघव राव यांनी. पंडित रविशंकर यांचे शिष्य, बासरीवादक, मृणाल सेन यांच्या ‘भुवन शोम’चे संगीतकार. शास्त्रीय तालमीत वाढलेला हा माणूस टेपचे तुकडे कापून, उलटे चालवून, मंत्र, ताल आणि यंत्रांचे आवाज शेजारी ठेवायला जराही बिचकला नाही. सेकंदाला १५ इंच या वेगानं चालणाऱ्या टेपवर एका चौकटीच्या वाट्याला येते जेमतेम दीड-पावणेदोन सेंटिमीटर टेप. तेवढ्या तुकड्यात एक ठोका बसवायचा आणि तो नेमक्या कटवर पाडायचा, किंवा मुद्दाम एक-दोन चौकटी चुकवायचा.

चुकवल्यानं काय होतं? वेळेच्या बाबतीत कान डोळ्यापेक्षा तल्लख आहे, आणि दोघांत वाद झाला तर वेळ किती गेला याचा निकाल मेंदू बहुधा कानाच्या बाजूनं देतो. २००० साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात पडद्यावर एकदाच उजेड चमकवला आणि सोबत दोन टोले वाजवले, तर लोकांना उजेड दोनदा चमकल्यासारखा दिसला. कान डोळ्याला नसलेलं दाखवू शकतो. त्यामुळे एकसमान चालणाऱ्या चित्रावर लडखडता ताल ठेवला की चित्रच लडखडतं. उलट, चित्र कितीही उधळलं तरी तालाची एक ओळ पक्की ठेवली तर प्रेक्षक खुर्चीत टिकून राहतो. ‘एक्सप्लोरर’ सात मिनिटं बघवतो याचं श्रेय मी आधी ध्वनिपट्टीला देईन.

कॅनडाचा आर्थर लिप्सेट तर आवाजापासूनच सुरुवात करायचा. १९६१ चा त्याचा ‘व्हेरी नाइस, व्हेरी नाइस’, तोही सातच मिनिटांचा. संकलनाच्या खोल्यांत फेकून दिलेले टेपचे तुकडे वेचून त्यानं आधी आवाजाचीच एक पट्टी रचली आणि चित्रं, बहुतेक स्थिर छायाचित्रं, नंतर बसवली. लोकांची अर्धवट वाक्यं, हशा, उसासे, त्यावर अनोळखी शहरी चेहरे. ऑस्करच्या नामांकनापर्यंत तो लघुपट पोचला. तिथे चित्र जवळजवळ हलत नाही आणि तरीही गरगरतं, कारण कोणाचा आवाज आणि कोणाचा चेहरा यांची गाठच सोडवून टाकलेली आहे.

म्हणूनच वेगाला फार महत्त्व देऊ नये असं वाटतं. वेगावर विसंबून न राहता भोवळ आणल्याची मुंबईतच दोन मोठी उदाहरणं आहेत. चित्रकार नलिनी मलानी यांनी १९६९ साली, चित्रकार अकबर पदमसी यांनी उभारलेल्या व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉपमध्ये, वास्तुरचनेच्या नमुन्याचे रंगीत, चौकटी-चौकटीनं पालटणारे आकार टिपले: उद्याच्या स्वच्छ, भूमितीबद्ध शहराचं स्वप्न. १९७६ साली त्यांनी त्याच्या शेजारी दुसरी, काळी-पांढरी फिल्म ठेवली. त्यात एक तरुणी उंचावरून बाहेर पसरलेल्या खऱ्या मुंबईकडे, तिच्या दाटीवाटीच्या वस्तीकडे बघते. दोन्ही एकाच वेळी, शेजारी-शेजारी चालतात, नाव ‘युटोपिया’. डोळा दोन्हीकडे एकदम राहू शकत नाही. डावीकडे बघावं तर उजवीकडचं निसटतं, आणि हा हेलकावा बघणाऱ्याच्या स्वतःच्या मानेतून घडतो. इथे कट दिग्दर्शिकेनं केलेला नाही, तो प्रेक्षक करतो.

दुसरं उदाहरण दिग्दर्शक मणी कौल यांचा ‘अरायव्हल’, १९८०, पुन्हा फिल्म्स डिव्हिजन. शहरात रोज काय काय येतं ते हा लघुपट बघत राहतो: भाजी, फुलं, जनावरं, आणि कामाच्या शोधात आलेली माणसं. घाई कुठेच नाही. शॉट आपल्याला हवा त्यापेक्षा लांब राहतो, कॅमेरा पाटीवर, पाठीवर, खुरांवर सारख्याच अलिप्तपणे रेंगाळतो. आधी आपण भाजी मोजतो, मग बकऱ्या, आणि मग लक्षात येतं की त्याच नजरेनं आपण माणसंही मोजायला लागलोय. ‘एक्सप्लोरर’ बघणाऱ्याला निवडायला वेळ देत नाही. ‘अरायव्हल’ इतका वेळ देतो की माल आणि माणूस यांच्यातला फरक, जो आपण न बघता गृहीत धरतो, तो डोळ्यांदेखत विरघळतो. माझ्या मते या सगळ्यांत जास्त अस्वस्थ करणारा लघुपट हाच.

फिल्म्स डिव्हिजन २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. पेडर रोडच्या आवारातल्या जुन्या गुलशन महालात २०१९ पासून भारतीय चित्रपटाचं राष्ट्रीय संग्रहालय आहे, आणि डिव्हिजनचे बरेच जुने लघुपट आता इंटरनेटवर घरबसल्या बघता येतात. लुकलुकत्या उजेडाचा ज्यांना त्रास होतो, विशेषतः फिट येण्याचा विकार आहे, त्यांनी अशा लघुपटांपासून लांब राहिलेलं बरं. बाकीच्यांनी ‘एक्सप्लोरर’ मोबाइलवर बघू नये. झूमचा परिणाम नजरेच्या कडांवर होतो आणि तळहाताएवढं चित्र त्या कडांपर्यंत पोचतच नाही. जमेल तेवढा मोठा पडदा, खोलीत अंधार. पहिल्यांदा नुसता बघावा, अर्थ न शोधता. दुसऱ्यांदा आवाज बंद करून; शॉट किती छोटे आहेत आणि कोणते चेहरे परत येतात ते तेव्हा कळतं. तिसऱ्यांदा डोळे मिटून फक्त ऐकावा. आणि जमलं तर चौथ्यांदा एकेक चौकट पुढे सरकवत, मधे थांबत, कट कुठे पडलाय ते मोजावं. अर्धं मिनिट असं मोजायलाही बराच वेळ लागतो, आणि पतींच्या संकलन-टेबलाशी बसल्याचा थोडाफार अनुभव तेवढ्यात येतो.